पलीकडे डिस्क नाही: कमांडने क्लाउडवर फाइल पाठवण्याची पार्श्वभूमी

कोल्हापुरात राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची धोका पातळी ४३ फूट. ऑगस्ट २०१९ आणि जुलै २०२१, दोन्ही वेळा पाणी तिच्या बरंच वर गेलं आणि शाहूपुरीसारख्या भागात तळमजल्यांवर शिरलं. बॅकअपची हार्ड डिस्क कॉम्प्युटरशेजारच्याच खणात असेल, तर अशा वेळी मूळ आणि प्रत दोन्ही एकाच पाण्यात जातात. म्हणून उद्यमनगरातल्या कारखान्यांची ड्रॉइंग असोत, दुकानाचा टॅलीचा डेटा असो की लग्नाचं शूटिंग, रात्री एक कमांड लावून ते क्लाउडवर चढवणं शहाणपणाचं. पण ही कमांड दिसते साध्या कॉपीसारखी आणि वागते भलतीच. का, ते कळायला पन्नासेक वर्षं मागे जावं लागतं.

एप्रिल १९७१ मध्ये एफटीपीचा, म्हणजे एका कॉम्प्युटरवरून दुसऱ्यावर फाइल पाठवायच्या नियमांचा, पहिला मसुदा निघाला. आरएफसी ११४ हा त्या जाहीर टिपणाचा क्रमांक. तो लिहिणारे अभय भूषण आयआयटी कानपूरच्या पहिल्या तुकडीतले, तेव्हा एमआयटीत होते. एफटीपीने गृहीत धरलं की दोन्ही टोकांना कॉम्प्युटर आहेत, त्यांच्यावर फाइली आणि फोल्डर आहेत आणि पलीकडचा प्रोग्रॅम आपलं ऐकतो. पासवर्ड तारेवरून उघडा जायचा. शिवाय टेक्स्ट आणि बायनरी असे दोन मोड. झिप फाइल चुकून टेक्स्ट मोडमध्ये पाठवली की ओळ संपल्याच्या खुणा बदलल्या जायच्या आणि झिप उघडायचीच नाही. फाइल पूर्ण पोचली असं स्क्रीनवर दिसायचं, त्यामुळे दोष भलत्यालाच लागायचा.

उघड्या पासवर्डवर १९९५ मध्ये तातू इलोनेन यांनी फिनलंडमध्ये एसएसएचचा, म्हणजे सगळं गुप्त करून पाठवणाऱ्या जोडणीचा, उतारा काढला आणि त्याच्याबरोबर तिच्यावरून फाइल कॉपी करणारी एससीपी आली. पण खरी उडी १९९६ ची: कॅनबेऱ्यात अँड्र्यू ट्रिजेल आणि पॉल मॅकेरास यांनी काढलेली आरसिंक, दोन ठिकाणच्या फाइली सारख्या ठेवणारी कमांड. तिची युक्ती अशी. घेणारा आपल्याकडच्या जुन्या फाइलचे ठरावीक लांबीचे तुकडे पाडतो, प्रत्येकाचे दोन चेकसम (तुकड्यातल्या मजकुरावरून काढलेले छोटे आकडे) काढतो, एक हलका आणि एक पक्का, आणि ती यादी पाठवणाऱ्याला देतो. पाठवणारा नव्या फाइलवरून एकेक बाइट सरकत हलका चेकसम जुळतो का पाहतो. जुळला तरच पक्का तपासतो. जुळलेले तुकडे पाठवायचेच नाहीत, फक्त फरक पाठवायचा. मॉडेमच्या जमान्यात ही चैन नव्हती, गरज होती. अट एकच: पलीकडेही आरसिंक चालू पाहिजे.

१४ मार्च २००६ ला ॲमेझॉनने एस३ हे क्लाउडवरचं भाड्याचं कोठार सुरू केलं आणि नेमकी हीच अट मोडली. पलीकडे आपला प्रोग्रॅम चालत नाही. फोल्डरही नाहीत. 'ड्रॉइंग/२०२४/पंप-केसिंग' हे तीन पायऱ्यांचं ठिकाण वाटतं, पण ते तिरक्या रेघा असलेलं एकच लांब नाव आहे. ठेवलेल्या फाइलीला इथे वस्तू म्हणतात; जुन्या वस्तूत मधला भाग बदलता येत नाही, ती अख्खी नव्याने ठेवायची. ४० एमबीच्या कॅड फाइलमध्ये एक रेघ हलवली तरी ४० एमबी पुन्हा चढतात. एस३ च्या साध्या बकेटमध्ये (वस्तू ठेवायच्या कप्प्यात) नाव बदलणं म्हणजे नव्या नावाने प्रत काढून जुनी पुसणं. 'फोल्डरचं' नाव बदललं तर आतल्या प्रत्येक वस्तूसाठी हेच. आरसिंकची हुशारी इथे चालत नाही, म्हणून नंतरच्या कमांड फक्त आकार, तारीख आणि जमलं तर चेकसम पाहून अख्खी फाइल पाठवायची की नाही एवढंच ठरवतात.

सुरुवातीला एका वस्तूला ५ जीबीची मर्यादा होती. २०१० मध्ये तुकड्यांनी चढवायची सोय झाली आणि मर्यादा ५ टीबीवर गेली. शेवटचा सोडून प्रत्येक तुकडा किमान ५ एमबीचा, तुकडे जास्तीत जास्त १०,०००. आपल्याकडे ही सोय फार मोलाची. ३०० जीबीचं शूटिंग २० एमबीपीएसच्या अपलोडवर चढवायला सगळं सुरळीत चाललं तरी ३३ तास लागतात. तेवढ्यात लाइट जाणारच. तुकडे असले की नेट अडखळलं तर तेवढा तुकडाच पुन्हा जातो. मशीनच बंद पडलं तर मात्र बहुतेक कमांड त्या फाइलला पहिल्यापासून हात घालतात. आधी पूर्ण चढलेल्या फाइली तेवढ्या वगळल्या जातात. म्हणून ३०० जीबीची एकच झिप करून चढवू नये. अर्धवट राहिलेले तुकडे नेहमीच्या यादीत दिसत नाहीत, पण त्यांचं भाडं लागतं. बकेटवर 'सात दिवसांत अपुरे अपलोड काढून टाक' असा लाइफसायकल नियम पहिल्याच दिवशी लावलेला बरा.

ॲमेझॉनच्या क्लाउडसाठीची आजची कमांड, एडब्ल्यूएस सीएलआय, २०१३ मध्ये पक्की झाली. निक क्रेग-वुड यांची तशाच कामाची आरक्लोन २०१२ मध्ये स्विफ्टसिंक नावाने सुरू झाली, ओपनस्टॅकच्या स्विफ्ट या एस३ सारख्या कोठारासाठी; गूगल ड्राइव्ह जोडल्यावर नाव बदललं. दोन्हींत 'सिंक' आहे आणि बरेचजण इथेच फसतात. एडब्ल्यूएसचं सिंक डिलीटचा पर्याय मुद्दाम दिल्याशिवाय पलीकडचं काही पुसत नाही. आरक्लोनचं सिंक मात्र अलीकडे नसलेलं पलीकडून पुसतंच. बाहेरची डिस्क लावायची राहिली आणि त्या जागी रिकामा फोल्डर दिसत असला, तर रात्रीच्या सिंकने क्लाउडही रिकामा होऊ शकतो. रोजच्या कामाला 'कॉपी' वापरावी. सिंकच हवं असेल तर आधी ड्राय-रन (काही न बदलणारी रंगीत तालीम) करून काय पुसलं जाणार ते वाचावं आणि बॅकअप-डिर हा पर्याय द्यावा, म्हणजे पुसायच्या फाइली वेगळ्या जागी सरकतात. टॅलीचा डेटा फोल्डर चालू असताना थेट चढवू नये. काही फाइली आधीच्या, काही नंतरच्या अशी खिचडी होते. टॅलीतून बॅकअप काढावा आणि ती फाइल चढवावी.

गूगल ड्राइव्हच्या तऱ्हा वेगळ्या. तिथे एकाच फोल्डरमध्ये एकाच नावाच्या दोन फाइली राहू शकतात. त्या आरक्लोनच्या डीड्यूपने निस्तराव्या लागतात. दिवसाला ७५० जीबीच्या वर चढत नाही. बारीक फाइली सेकंदाला दोनेकच जातात, म्हणून हजारो थंबनेल असतील तर आधी त्यांचे गठ्ठे बांधावेत. आरक्लोनसाठी गूगलकडून स्वतःचा क्लायंट आयडी (प्रोग्रॅमची ओळख) काढून तो 'टेस्टिंग' अवस्थेतच ठेवला, तर परवानगी सात दिवसांनी संपते: सोमवारी लावलेली कमांड पुढच्या सोमवारी गप्प.

उघडा पासवर्ड एस३ ने कायमचा घालवला. गुप्त किल्ली तारेवर जातच नाही. तिने प्रत्येक विनंतीवर सही होते आणि सहीत वेळही असते, म्हणजे कुणी विनंती पकडून उद्या पुन्हा वापरू शकत नाही. पण त्यामुळेच मशीनचं घड्याळ पंधरा मिनिटांहून जास्त चुकलं की एस३ दार उघडत नाही. जुन्या पीसीच्या मदरबोर्डवरचा गोल सेल उतरलेला असतो, लाइट जाऊन आली की तारीख काही वर्षं मागे जाते आणि कमांड वेळेच्या फरकाची तक्रार करून थांबते. तेव्हा किल्ल्या नव्याने काढत बसू नये. सीआर२०३२ सेल बदलावा, घड्याळ नेटवरून लावावं आणि तीच कमांड पुन्हा चालवावी.