उघडलेली खिडकी आणि मध्यरात्रीपासूनचा उपास

रात्रपाळीत एका रुग्णाचा श्वास थांबतो. डॉक्टर तपासतात, वेळ लिहून जातात. पडदा ओढला जातो आणि दोन परिचारिका कोमट पाण्याचं भांडं घेऊन येतात. चेहरा पुसतात, पापण्या मिटवतात, केस विंचरतात. पाठ पुसायला कुशीवर वळवताना एक जण म्हणते, "आजोबा, जरा या बाजूला घेते हं तुम्हाला." ऐकणारं कुणी उरलेलं नाही, हे तिला पक्कं ठाऊक असतं. सगळं आवरलं की दुसरी जाऊन खिडकी थोडी उघडते.

खिडकी उघडायची ती आत्म्याला वाट मिळावी म्हणून, असं ब्रिटनमधल्या परिचारिका पिढ्यानपिढ्या सांगत आल्या आहेत. अशा समजुती रुग्णालयात कितीतरी. लाल आणि पांढरी फुलं एका फुलदाणीत ठेवायची नाहीत, कारण ती रक्त आणि बँडेजची आठवण देतात. पाळी चालू असताना 'आज शांत आहे' हे शब्द तोंडातून काढायचे नाहीत. या शेवटच्या समजुतीची तर चक्क चाचणी झाली. एका सूक्ष्मजीवशास्त्र विभागात काही दिवस 'आजचा दिवस शांत जाईल' असं मुद्दाम म्हटलं गेलं, काही दिवस टाळलं गेलं. २०१९ साली 'ब्रिटिश मेडिकल जर्नल'मध्ये निष्कर्ष आला: त्या शब्दांनी काम काही वाढत नाही.

या समजुतींनी रुग्णाचं काही बिघडत नाही. मला काळजी वाटते ती शास्त्राचा वेश घालून आलेल्या रूढींची.

मध्यरात्रीपासून तोंडात पाण्याचा थेंबही नाही, हा ऑपरेशनआधीचा नियम घ्या. त्याचं मूळ खरं आहे. १९४६ साली कर्टिस मेंडेलसन या अमेरिकी डॉक्टरांनी दाखवून दिलं, की भूल दिलेल्या बाळंतिणीच्या पोटातलं आम्ल फुप्फुसात शिरलं तर जिवावर बेतू शकतं. पोट रिकामं हवं, हे बरोबरच. पण रिकामं व्हायला किती वेळ लागतो? तेलकट जेवण कित्येक तास रेंगाळतं, साधं पाणी मात्र फार लवकर पुढे सरकतं. म्हणून १९९९ मध्ये अमेरिकेतल्या भूलतज्ज्ञांच्या संघटनेने ठरवलं, की निरोगी माणसाचं ऑपरेशन आधीपासून ठरलेलं असेल, तर हलक्या खाण्यानंतर सहा तास आणि पाणी किंवा तत्सम पारदर्शक, दूध नसलेल्या पेयानंतर दोन तास थांबलं तरी पुरे. (ज्याचं पोट आजारामुळे सावकाश रिकामं होतं त्याचं गणित वेगळं, तिथे भूलतज्ज्ञ सांगतील तेच करायचं.)

तरीही 'मध्यरात्रीपासून काही नाही' टिकून राहिलं, कारण ते सोयीचं आहे. सगळ्या वॉर्डला एकच सूचना, यादी पुढेमागे झाली तरी अडत नाही. दुपारी तीनला ज्याचा नंबर लागतो तो मात्र पंधरा तास तहानलेला असतो. जीभ टाळूला चिकटलेली, डोकं ठणकतंय, सुई टोचायला शीर सापडत नाही.

आदल्या संध्याकाळी वस्तऱ्याने केस काढायची पद्धतही तशीच. स्वच्छतेसाठी म्हणून ती केली जायची, पण वस्तऱ्याने त्वचेवर बारीक ओरखडे पडतात आणि रातभर त्यांत जंतू वाढतात. शक्यतो केस काढूच नका, काढावेच लागले तर क्लिपर, म्हणजे केस कापायचं मशीन, वापरा, वस्तरा कधीच नको, असं जागतिक आरोग्य संघटनेने २०१६ मध्ये स्पष्ट सांगितलं.

इतकी हुशार, कष्टाळू माणसं असं का करत राहतात? मनोविश्लेषक इझाबेल मेन्झीस यांनी लंडनच्या एका रुग्णालयाचा अभ्यास करून १९६० साली दिलेलं उत्तर मला आजही पटतं. वेदना, मृत्यू, परक्या माणसाचं उघडं शरीर हे रोज बघायचं, तर मनात भीती दाटतेच. ती आवरायला रुग्णालयाने कामाचे तुकडे केले, म्हणजे कुणा एका रुग्णाशी फार जवळीक व्हायला नको. रुग्ण 'दहा नंबरच्या खाटेवरचं लिव्हर' झाला. ठरलेलं काम ठरलेल्या क्रमाने केलं की निर्णयाचं ओझंही उतरतं. पण मेन्झीस यांचं म्हणणं असं, की त्याने भीती दडपली गेली, संपली नाही.

मग भीतीचं करायचं काय? २०१४ मध्ये मायकल नॉर्टन आणि फ्रान्चेस्का जिनो या संशोधकांनी एक प्रयोग प्रसिद्ध केला. सोडतीत बक्षीस हुकलेल्या काही जणांना त्यांनी सांगितलं: मनातली भावना कागदावर चितारा, त्यावर मीठ भुरभुरा, कागद फाडा आणि मनात पाच वेळा दहापर्यंत मोजा. नुसतं चित्र काढणाऱ्यांपेक्षा या मंडळींचं वाईट वाटणं कमी झालं. जवळचं माणूस गमावलेल्यांबाबतही त्यांना तसंच आढळलं, आणि विधींवर विश्वास नसणाऱ्यांनाही फायदा झाला. आयुष्य अगदीच हातातून निसटलेलं नाही, ही जाणीव विधीतून परत मिळते.

मृताशी बोलणारी ती परिचारिका हेच करत असते. आपण आत्तापर्यंत एका माणसाची सेवा केली, हे ती त्याला सांगते आणि स्वतःलाही. एखादी रूढी मोडीत काढण्याआधी ती कुणाचं दुखणं हलकं करते, हे बघायला हवं. उपासाने फक्त यादी सोपी होते. खिडकीने हात थरथरणं थांबतं.

गेल्या काही वर्षांत एक नवी प्रथा पसरली आहे. २००९ च्या सुमारास अमेरिकेतल्या व्हर्जिनिया विद्यापीठाच्या रुग्णालयात एका नर्सने ती सुरू केली. जीव वाचवायची धडपड संपते, रुग्ण जातो, तेव्हा कुणीतरी सगळ्यांना थांबायला सांगतं. हा माणूस कुणाचा तरी होता, त्याच्यासाठी आपण सगळ्यांनी प्रयत्न केले, एवढंच बोलायचं. मग डॉक्टर, नर्स, सफाई करणारे, सगळे मिनिटभर खाटेभोवती गप्प उभे राहतात, ज्याचे त्याचे विचार मनात घेऊन. नंतर हातमोजे उतरतात आणि शेजारच्या खोलीतली घंटा वाजलेली असते, तिकडे कुणीतरी निघतं.