काजळी, मायफळ आणि हिराकस: शाईची पार्श्वभूमी

आमच्या घरी पत्र्याच्या ट्रंकेत दोन गठ्ठे आहेत. एक रुमालात बांधलेला मोडी कागदांचा. त्यातला सगळ्यात जुना कागद दोनशे वर्षांच्या आसपासचा. दुसरा गठ्ठा आजोबांच्या पत्रांचा, १९५० नंतरचा. वय पाहिलं तर मोडी कागद विटायला हवे होते. झालंय उलटं. मोडी अक्षर अजून काळं कुळकुळीत आहे, आणि आजोबांची काही पत्रं इतकी उतरली आहेत की खिडकीशी नेऊन वाचावी लागतात. जपणूक दोन्हींची सारखीच, ट्रंक एकच, डांबरगोळ्याही त्याच. फरक आहे तो शाईचा.

'शाई' हा शब्द फारसी 'सियाह'वरून आला. सियाह म्हणजे काळा. संस्कृतात तिला मषी म्हणत, जुन्या मराठीत मसी. म्हणजे शाई मुळात काळीच. निळी, लाल, हिरवी या सगळ्या मागाहून त्या नावाखाली आल्या. आणि काळेपणा हवा असेल तर माणसाच्या हाताशी सगळ्यात आधी होती ती दिव्याची काजळी.

इजिप्तचे लेखनिक पाच हजार वर्षांपूर्वीपासून काजळी आणि डिंक घोटून त्याच्या वड्या करत. लाकडी पाटीत दोन खळगे असत, एकात काळी वडी, दुसऱ्यात गेरूची लाल. बोरूसारखी बारीक काडी ओली करून वडीवर फिरवायची आणि पपायरसवर लिहायचं. मजकुराची मथळ्याची ओळ लाल काढायची पद्धत तिथलीच. काजळी म्हणजे शुद्ध कोळसा, कार्बन. उन्हाने तो विटत नाही, हवेने बदलत नाही. उलट कधीकधी त्याचं हे कोळसा असणंच अडचणीचं होतं. इ.स. ७९ मध्ये व्हेसुव्हियस ज्वालामुखीच्या उद्रेकात हर्क्युलेनियम गावातल्या एका वाड्यातल्या पपायरसच्या गुंडाळ्या जळून कोळसा झाल्या. अक्षरं कोळशाची आणि आता कागदही कोळशाचा. उलगडायला जावं तर तुकडे पडतात आणि क्ष-किरणांना त्यातलं अक्षर वेगळं दिसत नाही. २०२३ मध्ये संगणकाच्या मदतीने न उलगडता अशा एका गुंडाळीतला पहिला शब्द वाचता आला. तो होता 'जांभळा'.

काजळीचा सगळ्यात मोठा सन्मान चीनने केला. तिथे पाइनचं लाकूड किंवा टुंगाचं तेल जाळून काजळी धरायची, ती जनावराच्या सरसात कालवायची, कुटून कुटून एकजीव करायची आणि साच्यात घालून तिच्या कांड्या पाडायच्या. अन्हुइ प्रांतातल्या ह्वेइचौच्या कांड्या अजून नावाजलेल्या आहेत. ही विद्या जपानात गेली ती नारा शहरात स्थिरावली. तिथे १५७७ पासून चालत आलेला एक कारखाना आजही कांड्या करतो. काम चालतं फक्त थंडीच्या महिन्यांत, कारण उन्हाळ्यात सरस कुजतो. कारागीर काजळी-सरसाचा गोळा हातापायांनी कणकेसारखा तिंबतात आणि कांडी महिनोन् महिने वाळवतात. लिहिणाऱ्याने बसल्यावर आधी दगडावर थोडं पाणी घालून ती उगाळायची, आपल्याकडे सहाणेवर गंध उगाळतात तशी.

आपल्याकडची कृती मी स्वतः करून पाहिली आहे, म्हणून तिच्याबद्दल जरा सविस्तर लिहितो. तिळाच्या तेलाचा दिवा, दोन्ही बाजूंना विटा, त्यावर पालथी पितळी ताटली. रात्रभर दिवा जळला तेव्हा चमचाभर काजळी मिळाली. ती पाण्यात टाकली तर बुडेचना, पाण्यावर तरंगत राहिली. काजळीला पाणी नको असतं. तेव्हा ती आधी बाभळीच्या भिजवलेल्या डिंकात खलात घोटावी लागते. डिंक प्रत्येक कणाला लपेटून घेतो, मगच ती पाण्यात मिसळते आणि गाळ होऊन तळाशी बसत नाही. पहिल्या खेपेला मी डिंक कमी घातला, तर वाळलेलं अक्षर बोटाला लागू लागलं. दुसऱ्या खेपेला जास्त झाला, तर अक्षर चमकलं छान, पण कागद दुमडताच त्याचे पापुद्रे उडाले. तिसऱ्या खेपेला दोन संध्याकाळी नुसतं घोटत बसलो, तेव्हा कुठे बोरूतून सलग ओळ उतरली. शाईचं सगळं मर्म घोटण्यात आहे, हे मनगट दुखल्यावर कळतं.

पण या शाईत एक उणीव आहे. डिंक पाण्यात विरघळतो, म्हणून अक्षरावर पाणी पडलं की ते वाहून जातं. ही कच्ची शाई. राजस्थानात व्यापारी आपल्या वह्या कच्च्या शाईने लिहीत आणि पोथ्यांसाठी पक्की शाई करत. पिंपळावरची लाख कुटून मडक्यात उकळायची, त्यात टाकणखार आणि लोध्र या झाडाची साल घालायची. कागदावर गडद लाल रेघ उठू लागली की उतरवून गाळायचं. हा अळता. मग तिळाच्या तेलाची काजळी तलम कापडात पुरचुंडी बांधून त्या अळत्यात फिरवत राहायची, रंग काळा होईपर्यंत. लाख एकदा वाळली की साध्या पाण्याला दाद देत नाही. तुकोबांच्या वह्या इंद्रायणीत बुडवल्या, या कथेतलं क्रौर्य मला कच्च्या शाईवर चुकून तांब्या कलंडला तेव्हा खरं जाणवलं. वही बुडवणं म्हणजे नुसती ती भिजवणं नव्हे, अक्षर न् अक्षर धुऊन टाकणं.

समर्थ रामदासांनी दासबोधाच्या एकोणिसाव्या दशकाची सुरुवातच लेखनक्रियेपासून केली आहे. अक्षर वाटोळं, मोकळं, मसीने ओतल्यासारखं काळं असावं, ओळी मोत्यांच्या माळांसारख्या चालाव्यात, हे तर ते सांगतातच. शिवाय देशोदेशीचे बोरू आणावेत, हिंगूळ, म्हणजे लाल रंगाचं खनिज, आणि अळिता संग्रही ठेवावा, असंही बजावतात. हा माणूस रोज लिहायला बसत होता, हे त्या ओव्या वाचताना लक्षात येतं. मोडीचे कारकून ओल्या अक्षरावर बारीक वाळू भुरभुरवत, टीपकागद नंतरचा. आमच्या ट्रंकेतला एक कागद उजेडात तिरका धरला की दोन ओळींच्या मध्ये वाळूचे कण अजून चमकतात.

युरोपने दुसरी वाट धरली, आणि तिचं सामान आपल्या बाळगुटीच्या डब्यात सापडेल. मायफळ हे खरं फळ नव्हेच. ओकच्या झाडाच्या कोवळ्या कळीत एक बारीक गांधीलमाशी अंडं घालते, झाड त्याभोवती गोळी वाढवतं, ती मायफळ. सीरियातल्या अलेप्पोची उत्तम मानली जात. त्यात टॅनिन, म्हणजे तुरट द्रव्य, भरपूर. मायफळं कुटून पाण्यात भिजवायची, हिराकस, म्हणजे लोहाचा एक क्षार, घालायचा, थोडा डिंक. लिहिताना ही शाई फिकट दिसते. हवा लागली की टॅनिन आणि लोह मिळून काळी होते, आणि तोवर ती पानाच्या आत शिरलेली असते. काजळी पानावर बसते, ही पानाला चावते. चर्मपत्रावरची काजळी धुऊन किंवा खरवडून काढता येई, ही तशी निघत नसे. मग दस्तऐवज, करारमदार, राजाज्ञा शतकानुशतकं हिनेच लिहिल्या गेल्या. नोंदणी अधिकाऱ्यांसाठी या जातीची शाई इंग्लंडमध्ये आजही बनते.

चावा मात्र थांबत नाही. शाईतलं आम्ल आणि लोह कागद हळूहळू खातात. योहान सेबास्टियान बाख यांनी आपल्या हाताने लिहिलेली संगीताची पानं बर्लिनच्या सरकारी ग्रंथालयात आहेत. त्यांतल्या कित्येक पानांवर स्वरांचे ठिपके होते तिथे कागदाला भोकं पडू लागली. वाचवण्यासाठी ती पानं मधोमध पातळ चिरून, आत आधाराचा कागद घालून पुन्हा जोडावी लागली. टिकावी म्हणून निवडलेल्या शाईनेच कागद संपवत आणावा, याची मला फार हळहळ वाटते.

लिहिताना फिकट दिसणाऱ्या या शाईत लंडनच्या हेन्री स्टीफन्स यांनी १८३२ च्या सुमारास नीळ घातली. अक्षर उमटताना निळं दिसे, नंतर काळं होई. 'ब्लू-ब्लॅक' हे नाव त्यातून आलं. पुढे १८५६ मध्ये विल्यम पर्किन यांना डांबरापासून जांभळा रंग सापडला आणि कृत्रिम रंगांची रांग लागली. पेनच्या शाया स्वस्त झाल्या, सुंदर झाल्या, निबमध्ये अडकेनाशा झाल्या. पण बहुतेक कृत्रिम रंगांना ऊन सोसत नाही. आजोबांच्या पत्रांचं कोडं इथे सुटतं. ब्लू-ब्लॅकने लिहिलेली पत्रं तपकिरी झाली, म्हणजे रंग गेला तरी लोह उरलं. निळ्या शाईची पत्रं पुसट झाली, कारण तिच्यात रंगाशिवाय काही नव्हतंच.

छापखान्याची शाई हे वेगळंच प्रकरण. धातूच्या खिळ्यावर पाण्याची शाई नीट बसत नाही, म्हणून गुटेनबर्ग यांनी जवसाच्या तेलाची वापरली. मुंबईत गणपत कृष्णाजी यांनी १८३१ मध्ये शिळाछापावर पंचांग छापलं, तेव्हा शाईत चरबी असते म्हणून सोवळी मंडळी छापील कागदाला हात लावत नसत. त्यावर तोड म्हणून पोथ्यांसाठी तुपाची शाई वापरल्याचं सांगतात. पुढे १९३१ मध्ये गिरगावात दांडेकर बंधूंनी 'हॉर्स ब्रँड' नावाने शाईची भुकटी आणि गोळ्या करायला घेतल्या. त्यांचंच पुढे कॅम्लिन झालं. गोळी पाण्यात विरघळवून दौत भरायची, हे दोन पिढ्यांच्या शाळेचं पहिलं काम होतं.

एक शाई कागदावर नव्हे, बोटावर लागते. १९६२ च्या लोकसभा निवडणुकीपासून आपल्या डाव्या तर्जनीवर येणारी ती रेघ म्हैसूरच्या सरकारी कारखान्यात बनते. तिच्यात सिल्व्हर नायट्रेट असतं. कातडीवरच्या मिठाशी त्याची गाठ पडते, उजेडात ते काळं होतं, आणि नख वाढून कापलं जाईपर्यंत जात नाही.

गेल्या दिवाळीपासून मी आजोबांची पुसट पत्रं उतरवून काढतो आहे, घोटीव कागदावर, काजळीच्या शाईने. मजकूर साधाच आहे, पावसाचा, म्हशीच्या वेताचा, कुणाच्या लग्नाच्या बोलणीचा. आतापर्यंत चौदा झाली. पंधराव्यातला एक शब्द अजून लागत नाही, सकाळच्या तिरप्या उन्हात पुन्हा बघायचा आहे.