नेहरू झाला तो रोशन सेठ!

'गांधी' सिनेमाचा विषय निघाला की कुणीतरी हमखास म्हणतं, "सईद जाफरीनं नेहरू काय केलाय!" नाही हो. जाफरी पटेल झाला होता. नेहरू रोशन सेठचा. पुढे दूरदर्शनच्या 'भारत एक खोज' मालिकेत वर्षभर दर रविवारी तोच नेहरू घरात यायचा, तरी हा घोळ सुटत नाही.

जाफरीची ओळख करून द्यायला नको. 'चश्मेबद्दूर'मधला पानवाला लल्लन मियाँ आठवा, झालं. ('शतरंज के खिलाडी'त त्याच्या पात्राचं नाव मीर रोशन अली. घ्या, अजून गोंधळ!) ब्रिटिश पडद्यावर तो 'द मॅन हू वुड बी किंग'मधल्या बिली फिशपासून 'कोरोनेशन स्ट्रीट' या टीव्ही मालिकेपर्यंत दिसत राहिला. सेठ मूळचा पाटण्याचा, अभिनयाचं शिक्षण लंडनला. मध्येच अभिनय सोडून दिल्लीत एका नियतकालिकाच्या संपादनाला बसला होता. 'गांधी'चा दिग्दर्शक ॲटनबरो, त्यानं नेहरू दिला, तेव्हा परतला.

गोंधळाचं खरं कारण हे की दोघं सतत एकाच सिनेमात असतात. १९८२ 'गांधी', १९८४ 'अ पॅसेज टू इंडिया', १९८५ 'माय ब्यूटिफुल लाँड्रेट'. सहाय्यक भूमिकेसाठी बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट पुरस्काराची नामांकनंही दोघांना, सेठला 'गांधी'साठी आणि जाफरीला 'लाँड्रेट'साठी.

ते 'लाँड्रेट' एकदा नीट बघाच. त्यात दोघं सख्खे भाऊ झालेत. जाफरीचा नासर पंतप्रधान थॅचरच्या काळातल्या लंडनमध्ये पैसा करतोय; घरी बायको, बाहेर इंग्रज मैत्रीण, गॅरेज, दारू, गप्पा. सेठचा हुसेन एके काळचा डावा पत्रकार. आता रेल्वे रुळांलगतच्या फ्लॅटमध्ये बाटली जवळ घेऊन गादीवर पडलेला असतो, आणि पोराला काम दे म्हणून त्याच नासरला फोन करतो. जाफरी वाक्य तोंडात विड्यासारखं घोळवतो. शब्द रंगला की स्वतःच खूश. सेठ तेच वाक्य कापून, कोरडं करून देतो, आणि बोलून झाल्यावर त्याचा चेहरा जास्त बोलतो. शेवटाकडे नासर त्या खोलीत येतो आणि दोघं म्हातारे शेजारी बसतात. तिथे आवाज बंद करून बघा. कुठला कोण हे तरीही कळेल.

जाफरीचा माणूस जाईल तिथे यजमान होतो. सेठचा स्वतःच्या घरातही पाहुणा. माझं मत विचाराल तर गप्पांना जाफरी, पण पुन्हा बघायला सेठ.

'दोघंही साहेबांच्या सिनेमातले ठरावीक इंडियन' असं म्हणणाऱ्यांचा तर मला भयंकर राग येतो. १९८७चा 'लिटिल डॉरिट' काढा. डिकन्सची गोष्ट, जुनं लंडन, आणि गरिबांच्या वस्तीत भाडं वसूल करत फिरणारा पँक्स. तो रोशन सेठ आहे.