सातोर चौकट आणि सर्वतोभद्र: फरक कसा ओळखायचा

रोमन काळातली सातोर चौकट, म्हणजे पाच लॅटिन शब्दांची अक्षरचौकट, पाहिली की संस्कृत शिकलेला माणूस चटकन म्हणतो, "अरे, हे तर सर्वतोभद्र!" सर्वतोभद्र म्हणजे कोणत्याही दिशेने वाचला तरी तोच राहणारा श्लोक. दोन्ही आडवी-उभी, उलटसुलट वाचता येतात, पण बांधणी वेगळी. ओळखायची खूण सोपी आहे: पहिली ओळ उजवीकडून वाचा.

संस्कृत कवी माघाच्या 'शिशुपालवध' या महाकाव्यात १९व्या सर्गात हा सर्वतोभद्र श्लोक आहे:

स का र ना ना र का स
का य सा द द सा य का
र सा ह वा वा ह सा र
ना द वा द द वा द ना

कोणतीही ओळ उजवीकडून वाचा, तीच राहते. याच ओळी खाली उलट क्रमाने पुन्हा मांडल्या की ८ × ८ चा पट तयार होतो आणि उभे रकानेही हाच श्लोक देतात. घरं ६४, पण कवीने ठरवायची फक्त १०. बाकीची आपोआप भरतात.

लॅटिन चौकट ५ × ५ ची: सातोर (SATOR), आरेपो (AREPO), तेनेत (TENET), ओपेरा (OPERA), रोतास (ROTAS). इथे सातोर उलटा वाचला की रोतास होतो, म्हणजे थेट शेवटची ओळ. आरेपोचा ओपेरा होतो. स्वतःतच उलटसुलट सारखा राहतो तो एकटा मधला तेनेत. २५ पैकी ९ घरं ठरवायची, तरी हे काम फार अवघड, कारण प्रत्येक ओळ सुटा शब्द असावी लागते. त्यात आरेपो अडतो: लॅटिनमध्ये हा शब्द दुसरीकडे कुठेच सापडत नाही, म्हणून बहुतेक जण तो विशेषनाम मानतात. मग अर्थ साधारण असा लागतो: 'पेरणारा आरेपो चाकं कष्टाने धरतो.' माघाला समासाची मोकळीक आहे. त्याचा समास पहिली ओळ ओलांडून दुसरीत जातो आणि तिथे 'काय-साद-द-सायका' सुटतं: शरीरांचा नाश करणारे बाण जिच्याकडे आहेत अशी सेना.

ताडून पाहताना एक चूक हमखास होते. सातोर देवनागरीत उलटवला तर 'रतोसा' होतो. लॅटिन चौकटीत एका घरात एकच वर्ण, स्वर किंवा व्यंजन; श्लोकात पूर्ण अक्षर, कान्यासकट. म्हणून लॅटिन चौकट रोमन लिपीतच तपासा. श्लोक मात्र हाताने उलटवा. संगणकावर साध्या पद्धतीने उलटवला तर काने भलत्याच अक्षरांना चिकटतात.

इ.स. ७९ मध्ये ज्वालामुखीच्या उद्रेकात गाडल्या गेलेल्या पाँपेई या रोमन शहरात सापडलेली चौकट त्याआधीची आहे आणि ती रोतासपासून सुरू होते. सातोर वर असलेली मांडणी नंतर रूढ झाली. याच २५ वर्णांतून 'पातेर नोस्तेर' (आमच्या पित्या) हे ख्रिस्ती प्रार्थनेचे सुरुवातीचे शब्द क्रुसाच्या आकारात दोनदा जुळतात. मधला 'न' सामाईक, उरतात दोन 'आ' आणि दोन 'ओ', म्हणजे आल्फा आणि ओमेगा, ख्रिस्ताचं प्रतीक मानलेली पहिली आणि शेवटची ग्रीक अक्षरं. जुळणी बिनचूक आहे, पण तेवढ्यावर चौकट ख्रिस्ती ठरत नाही: ७९ पूर्वीच्या पाँपेईत लॅटिनमधून प्रार्थना करणारे ख्रिस्ती होते याला भक्कम पुरावा नाही.