मुंबई योजना

मुंबई योजना : दुसरे महायुद्ध संपत आले असताना आठ भारतीय उद्योगपतींनी व अर्थतज्ज्ञांनी तयार केलेला, भारताच्या आर्थिक विकासाचा पंधरा वर्षांचा आराखडा. ‘टाटा-बिर्ला योजना’ असाही तिचा उल्लेख होतो. पहिला भाग जानेवारी १९४४ मध्ये आणि संपत्तीचे वाटप व राज्यसंस्थेचे कार्य यांविषयीचा दुसरा भाग सुमारे वर्षभराने प्रसिद्ध झाला. पुरुषोत्तमदास ठाकूरदास, जे. आर. डी. टाटा, घनश्यामदास बिर्ला, अर्देशिर दलाल, लाला श्रीराम, कस्तुरभाई लालभाई, ए. डी. श्रॉफ व जॉन मथाई हे तिचे कर्ते. योजनेचे आकडे बहुतेक संदर्भग्रंथांत सापडतात. परंतु स्वतंत्र होऊ घातलेल्या देशात राज्यसंस्था कशी असावी, याविषयी तिने जे गृहीत धरले होते, त्याकडे तुलनेने कमी लक्ष गेले आहे. म्हणून प्रस्तुत नोंदीत त्या बाजूचा विचार अधिक विस्ताराने केला आहे.

उगम व त्याविषयीचे मतभेद : नियोजनाची कल्पना या आठ जणांनी प्रथम मांडलेली नव्हे. मोक्षगुंडम विश्वेश्वरय्या यांनी १९३४ मध्ये नियोजित अर्थव्यवस्थेचा पुरस्कार केला होता. १९३८ मध्ये काँग्रेसचे अध्यक्ष सुभाषचंद्र बोस यांच्या पुढाकाराने राष्ट्रीय नियोजन समिती स्थापन झाली. जवाहरलाल नेहरू तिचे अध्यक्ष व के. टी. शाह सरचिटणीस होते आणि तिचे काम प्रामुख्याने मुंबईतून चाले. ठाकूरदास व श्रॉफ हे दोघे त्या समितीचे सदस्य होते. याच समितीवर असलेले सोलापूरचे उद्योगपती वालचंद हिराचंद मात्र मुंबई योजनेच्या सह्या करणाऱ्यांत दिसत नाहीत, ही गोष्ट लक्षणीय आहे. जहाजबांधणीपासून विमाननिर्मितीपर्यंत ज्या मूलभूत उद्योगांचा योजनेने आग्रह धरला, त्यांतील काहींची उभारणी त्यांनी आधीच सुरू केली होती.

१९४२ च्या अखेरीस टाटा समूहाचे मुख्यालय असलेल्या बॉम्बे हाउसमध्ये या मंडळींच्या बैठकांना प्रारंभ झाला असे मानले जाते. त्याआधी काही महिने, ८ ऑगस्ट १९४२ रोजी, गवालिया टँक मैदानावर ‘भारत छोडो’चा ठराव झाला होता. पहिला भाग प्रसिद्ध झाला तेव्हा नेहरू अहमदनगरच्या किल्ल्यात बंदिवान होते. या कालक्रमावरून अभ्यासकांनी दोन भिन्न निष्कर्ष काढले आहेत. विवेक चिब्बर यांच्या मते, लोकचळवळ हाताबाहेर जाईल व समाजवादी विचाराचे वर्चस्व वाढेल या धास्तीने भांडवलदारांनी बचावाचे पाऊल म्हणून नियोजनाची भाषा स्वीकारली. पुढे उद्योगांना शिस्त लावण्याचा अधिकार राज्याने मागताच त्यांनी विरोध केला. आदित्य मुखर्जी यांच्यासारखे अभ्यासक भारतीय भांडवलदार वर्गाच्या साम्राज्यविरोधी व दूरदृष्टीच्या धोरणात योजनेचे मूळ शोधतात. मसुद्याचा मुख्य भार मथाई यांच्यावर होता हे सामान्यतः मान्य आहे. मथाई हे मूळचे अर्थशास्त्राचे प्राध्यापक आणि नंतर टाटा समूहातील अधिकारी. त्यामुळे संपूर्ण दस्तऐवज एका वर्गाच्या भीतीतून उतरला असे म्हणण्यापेक्षा, भीती व राष्ट्रीय आकांक्षा या दोन्ही प्रेरणा त्यात एकाच वेळी वावरत होत्या, असे मानणे अधिक सयुक्तिक वाटते.

स्वरूप : दरडोई उत्पन्न पंधरा वर्षांत दुप्पट करणे हे योजनेचे उद्दिष्ट होते. लोकसंख्या दरवर्षी ५० लाखांनी वाढेल असे धरल्यामुळे एकूण राष्ट्रीय उत्पन्न सुमारे २,२०० कोटी रुपयांवरून ६,६०० कोटींवर, म्हणजे तिपटीवर नेणे भाग होते. राष्ट्रीय उत्पन्नातील शेतीचा वाटा ५३ टक्क्यांवरून ४० टक्क्यांवर यावा व उद्योगांचा १७ वरून ३५ टक्क्यांवर जावा, अशी अपेक्षा होती. एकूण १०,००० कोटी रुपयांच्या खर्चापैकी ४,४८० कोटी उद्योगांसाठी, २,२०० कोटी घरबांधणीसाठी, १,२४० कोटी शेतीसाठी व ९४० कोटी दळणवळणासाठी राखून ठेवले होते; उरलेली रक्कम शिक्षण, आरोग्य व संकीर्ण बाबींसाठी होती. माणशी रोज २,८०० उष्मांकांचा आहार, वर्षाला ३० वार कापड आणि १०० चौरस फूट निवारा हे किमान जीवनमान योजनेने निश्चित केले. चाळीतील एका खोलीत संपूर्ण कुटुंब राहत असलेल्या मुंबईत हे शेवटचे परिमाण किती दूरचे होते, हे सांगावयास नको.

अर्थपुरवठा : योजनेवरील तांत्रिक वादाचे केंद्र येथे आहे. बाह्य साधनांतून २,६०० कोटी रुपये मिळतील असा अंदाज होता. त्यात लंडनमध्ये साठलेली स्टर्लिंग (ब्रिटिश चलनातील) शिल्लक १,००० कोटी, परकीय कर्ज ७०० कोटी, व्यापारातील आधिक्य ६०० कोटी आणि लोकांनी दडवून ठेवलेले सोनेनाणे ३०० कोटी अशी विभागणी होती. उरलेल्या ७,४०० कोटींपैकी ४,००० कोटी बचतीतून आणि ३,४०० कोटी नव्याने निर्माण केलेल्या पैशातून, म्हणजे चलनविस्तारातून, उभे करावयाचे होते. उत्पादन वाढले की हा वाढीव पैसा पचनी पडेल, असा कर्त्यांचा युक्तिवाद होता. परंतु युद्धकाळात ब्रिटिश सरकारच्या खरेदीची किंमत भारतात नोटा छापून चुकती केली जात होती व तिच्या बदल्यात लंडनमध्ये स्टर्लिंग जमा होत होते. या भाववाढीने सामान्य माणूस भरडला गेला होता, आणि १९४३ चा बंगालचा दुष्काळ डोळ्यांसमोर होता. अशा वेळी एक तृतीयांशाहून अधिक भांडवल चलनविस्तारातून उभे करण्याची सूचना धाडसाची होती. अर्थतज्ज्ञ बी. आर. शेणॉय यांनी योजनेच्या वित्तीय तरतुदींवर केलेली टीका याच मुद्द्यावर होती. १९५५ मध्ये दुसऱ्या पंचवार्षिक योजनेच्या तुटीच्या अर्थभरण्याविरुद्ध त्यांनी भिन्नमतपत्रिका जोडली, तीही याच विचाराची.

लोकशाही व नियंत्रण : बचत आणि चलनविस्तार यांतील ओढाताण सावरण्यासाठी आर्थिक जीवनाच्या जवळजवळ प्रत्येक अंगावर सरकारला कडक नियंत्रण ठेवावे लागेल, आणि त्यामुळे व्यक्तिस्वातंत्र्य व उद्योगस्वातंत्र्य काही काळ झाकोळले जाईल, अशी स्पष्ट कबुली पहिल्या भागात आहे. उद्योगपतींनी स्वतःच्या सहीने हे लिहावे, याचे महत्त्व कमी लेखता येत नाही. दुसऱ्या भागात मालकी, नियंत्रण व व्यवस्थापन असा भेद करून राज्याचे नियंत्रण हे मालकीपेक्षा महत्त्वाचे मानले आहे. हे नियंत्रण लोकप्रतिनिधींना कोणत्या मार्गाने उत्तरदायी राहील, याचा विचार मात्र त्रोटक आहे. ‘राष्ट्रीय सरकार’ आले की हा प्रश्न सुटेल, अशी त्यांची धारणा दिसते.

हीच उणीव निरनिराळ्या बाजूंनी दाखवली गेली. पी. ए. वाडिया व के. टी. मर्चंट यांनी १९४५ मध्ये योजनेची सविस्तर चिकित्सा केली. मानवेंद्रनाथ रॉय यांच्या प्रेरणेने १९४४ मध्येच निघालेल्या ‘जनता योजने’त दहा वर्षांत १५,००० कोटी रुपये खर्च सुचवून शेती व उपभोग्य वस्तूंना अग्रक्रम देण्यात आला, तिच्या तीन कर्त्यांपैकी वि. म. तारकुंडे हे मूळचे सासवडचे. श्रीमन्नारायण अग्रवाल यांची गांधीवादी योजना खेडे केंद्रस्थानी मानणारी व ३,५०० कोटींची होती. या संदर्भात बाबासाहेब आंबेडकरांची भूमिका विशेष महत्त्वाची आहे. १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री असताना सिंचन व वीज यांच्या धोरणाशी त्यांचा निकटचा संबंध आला. १९४७ मध्ये त्यांनी महत्त्वाचे उद्योग व शेती राज्याच्या मालकीची असावी आणि ही रचना संविधानातच नमूद करावी, म्हणजे बदलत्या बहुमताच्या लहरीवर ती अवलंबून राहणार नाही, असे प्रतिपादन केले. संसदीय लोकशाही टिकवून, हुकूमशाहीशिवाय समाजवाद आणण्याचा हा मार्ग होता. आर्थिक सत्तेला घटनात्मक चौकट हवी, हे त्यात मुंबई योजनेपेक्षा कितीतरी स्पष्टपणे ओळखले आहे.

प्रभाव : १९४४ मध्ये दलाल यांना व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात नियोजन व विकास खाते देण्यात आले. त्यानंतरच्या पंचवार्षिक योजना मुंबई योजनेतून निघाल्या असे विधान वारंवार केले जाते. मूलभूत उद्योगांचा अग्रक्रम व परकीय स्पर्धेपासून संरक्षण या बाबतींत साम्य आहेच. तथापि पहिली पंचवार्षिक योजना शेती व सिंचनाकडे झुकलेली होती, आणि दुसऱ्या योजनेचा अवजड उद्योगांवरील भर संख्याशास्त्रज्ञ प्रशांतचंद्र महालनोबिस यांच्या प्रतिमानातून आला. तेव्हा प्रत्यक्ष वारशापेक्षा समकालीन विचारांचा सारखेपणा, एवढेच म्हणणे सुरक्षित ठरते. स्वतः कर्त्यांपैकी काही जण पुढे दुरावले. अर्थमंत्री मथाई यांनी नियोजन आयोगाच्या अधिकारांविषयीच्या मतभेदांतून १९५० मध्ये राजीनामा दिला, आणि श्रॉफ यांनी १९५६ मध्ये मुंबईत मुक्त उद्योगाच्या प्रचारासाठी ‘फोरम ऑफ फ्री एंटरप्राइज’ ही संस्था स्थापन केली.

अखंडत्व व संरक्षण : केंद्रात आर्थिक बाबतीत पूर्ण अधिकार असलेले सरकार येईल, ते संघराज्यात्मक असेल आणि त्याचा आर्थिक अधिकार संपूर्ण भारतावर चालेल, हा योजनेचा पाया होता. युद्धसाहित्याची निर्मिती मूलभूत उद्योगांत मोजली असली, तरी खर्चाच्या वाटणीत संरक्षणाचे स्वतंत्र शीर्षक नाही. फाळणीची शक्यता वाढू लागल्यावर १९४५ मध्ये उद्योगपती होमी मोदी व मथाई यांनी सप्रू समितीसाठी (तेजबहादूर सप्रू यांच्या अध्यक्षतेखालील, घटनात्मक तोडगा सुचवणारी समिती) पाकिस्तानच्या आर्थिक बाजूंवर टिपण तयार केले. (बॉम्बे हाउस ज्या रस्त्यावर आहे, त्याला आज याच मोदींचे नाव आहे.) युद्धपूर्व राहणीमान व अंदाजपत्रक एवढेच पाहिले, तर स्वतंत्र राज्य चालू शकेल, मात्र हा हिशेब संरक्षणाचा खर्च वगळून केलेला आहे, आणि तो धरल्यास दोन्ही राज्यांनी संरक्षण व आर्थिक व्यवहारांत सहकार्य केल्यावाचून गत्यंतर नाही, असा त्या टिपणाचा आशय होता. फाळणीच्या राजकारणाच्या धामधुमीत हे टिपण मागे पडले, याची हळहळ वाटते.

सहकार्य झाले नाही. मुंबईच्या कापड गिरण्यांना सिंध व पश्चिम पंजाबच्या कापसाची आणि कलकत्त्याच्या गिरण्यांना पूर्व बंगालच्या तागाची तूट आली. सप्टेंबर १९४९ मध्ये भारताने रुपयाचे अवमूल्यन केले व पाकिस्तानने केले नाही, तेव्हा दोन देशांतील व्यापार जवळजवळ ठप्प झाला. १९६२ च्या चीन युद्धानंतर संरक्षणखर्चात मोठी वाढ झाली. १९६५ चे युद्ध, लागोपाठचे अवर्षण व जून १९६६ मधील अवमूल्यन यांमुळे चौथी पंचवार्षिक योजना लांबणीवर पडून १९६६ ते १९६९ या काळात वार्षिक योजनांवर काम भागवावे लागले. १९६७ पासून नियोजन आयोगाचे उपाध्यक्ष असलेल्या धनंजयराव गाडगीळ यांच्या कारकिर्दीत, १९६९ मध्ये ती योजना सुरू झाली.