पंखावरची पट्टी: एम्परर पेंग्विनच्या आकड्यांमागचा इतिहास

हरितगृह वायूंचं उत्सर्जन आहे त्याच वाटेने चालत राहिलं, तर २१०० पर्यंत एम्परर पेंग्विनच्या ९८ टक्के वसाहती नामशेष होण्याच्या काठावर असतील, असं भाकीत २०२१ साली आलं. तेव्हापासून या पक्ष्याबद्दलच्या प्रत्येक बातमीत ते येतं. अंटार्क्टिकाच्या किनाऱ्यावरच्या सगळ्या ज्ञात वसाहतींना ते लावलं जातं. मात्र पेंग्विन वर्षाला किती जगतात, किती मरतात, बर्फ कमी-जास्त झाला की या प्रमाणात काय फरक पडतो, ही त्यामागची मूळ माहिती बव्हंशी एकाच वसाहतीतून आली आहे. पूर्व अंटार्क्टिकातल्या फ्रेंच तळाला खेटून असलेली ती वसाहत म्हणजे पॉइंत जेओलोजी. तिथल्या पक्ष्यांची ओळख ठेवली गेली ती पंखात अडकवलेल्या धातूच्या पट्टीवरून, आणि खरा वाद आहे तो या पट्टीचा.

त्याआधीचा इतिहास थोडक्यात सांगता येतो. एम्परर पेंग्विनची पहिली वसाहत १९०२ साली केप क्रोझियरला सापडली. १९११ च्या ऐन हिवाळ्यात तीन माणसं काळोखात, उणे ६० अंशांपर्यंत उतरलेल्या थंडीत तिथे गेली आणि तीन अंडी घेऊन परतली. आतल्या गर्भावरून पक्ष्यांचं सरपटणाऱ्या प्राण्यांशी असलेलं नातं उलगडेल, अशी त्यांना आशा होती. तसं काही झालं नाही. पुढे जानेवारी १९५२ मध्ये एका फ्रेंच तळाला आग लागली आणि सात जणांनी तो हिवाळा पॉइंत जेओलोजीच्या वसाहतीशेजारी काढला. इथून पुढे वर्षानुवर्षांच्या सलग नोंदी सुरू झाल्या. एकच वसाहत इतकी वर्षं पाहिली जाण्याचं कारणही साधं आहे. तळ तिच्या दाराशी आहे आणि हिवाळ्यातही चालत तिथे पोचता येतं.

मोजणी म्हणजे केवळ डोकी मोजणं असतं, तर पट्टी लागलीच नसती. पण जगण्याचं प्रमाण काढायचं तर तोच पक्षी पुढच्या वर्षी परत आला का, हे कळायला हवं. अॅडेली पेंग्विन दगडगोट्यांचं घरटं करतो आणि बहुधा त्याच जागेवर परततो. एम्पररला घरटंच नाही. नर अंडं पायांवर घेऊन थव्यात सरकत राहतो. आज इथे दिसलेला पक्षी उद्या शंभर मीटर पलीकडे असतो. नर-मादी दिसायला सारखे. ते एकमेकांना हाकेवरून ओळखतात, माणसाला ते जमत नाही. पायात कडी घालावी तर त्याच पायांवर अंडं आणि पिल्लू असतं. म्हणून पंखाच्या मुळाशी, जवळजवळ काखेत, आकडा कोरलेली पट्टी वळवून बसवायची पद्धत रूढ झाली. दुर्बिणीतून आकडा वाचता येतो आणि पक्ष्याला पुन्हा पकडावं लागत नाही. त्या काळी ही पद्धत सौम्य मानली जात होती आणि तिच्यामागे तर्कही होता.

मात्र पेंग्विनचा पंख हे त्याचं वल्हं आहे. एम्परर पाण्यात पाचशे मीटरहून खोल जातो. ३२ मिनिटांच्या बुडीचीही नोंद आहे. अशा प्रत्येक बुडीत हा पंख शेकडो वेळा हलतो. त्यावर धातूची कडा असेल तर पाण्याचा अडथळा वाढणारच. पिसं झडण्याच्या काळात पंख सुजतो आणि काल सैल असलेली पट्टी आज रुतते. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला अॅडेली पेंग्विनना पाण्याच्या कालव्यात पोहायला लावून मोजलं गेलं, तेव्हा पट्टीमुळे पोहण्याला सुमारे २४ टक्के जास्त ऊर्जा लागत असल्याचं दिसलं. एवढं कळल्यावर तरी पट्ट्या थांबायला हव्या होत्या. त्या थांबल्या नाहीत, आणि या इतिहासातली सर्वांत खटकणारी गोष्ट हीच आहे.

पट्टीच्या बाजूने बोलणाऱ्यांचं म्हणणं असं होतं: सगळ्या पट्ट्या सारख्या नसतात, आकार नीट असेल तर त्रास नगण्य असतो, काही अभ्यासांत फरक दिसलाच नाही, आणि पद्धत बदलली तर अनेक दशकांची मालिका तुटेल. शेवटचा मुद्दा वजनदार होता. हवामानाचा परिणाम पाहायचा तर लांब मालिकाच लागते. पण मालिका लांब आहे एवढ्यावरून ती खरी ठरत नाही.

२०११ साली हिंदी महासागराच्या दक्षिण भागातल्या क्रोझे बेटांवरच्या किंग पेंग्विनचा, म्हणजे एम्पररच्या सख्ख्या भाऊबंदाचा, दहा वर्षांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. ५० पक्ष्यांना पट्टी होती, ५० पक्ष्यांना नव्हती. शंभराच्या शंभर पक्ष्यांच्या कातडीखाली मात्र ओळख सांगणारी, तांदळाच्या दाण्याएवढी इलेक्ट्रॉनिक चिप होती. पट्टीवाल्यांना ३९ टक्के कमी पिल्लं झाली आणि त्यांचं जगण्याचं प्रमाण १६ टक्क्यांनी कमी भरलं. ते प्रजननाला उशिरा पोचत आणि अन्नासाठी समुद्रात जास्त दिवस घालवत. त्याहून महत्त्वाचं म्हणजे समुद्राच्या बदलत्या हवामानाला पट्टीवाले आणि बिनपट्टीवाले पक्षी एकसारखा प्रतिसाद देत नव्हते. म्हणजे जे मोजायचं होतं, त्यातच मापाने ढवळाढवळ केली होती.

आता पॉइंत जेओलोजीकडे पुन्हा पाहायला हवं. तिथे सुमारे ६,००० जोड्या होत्या आणि सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात त्या निम्म्यावर आल्या. ही घट खरी आहे, कारण ती वसाहतीच्या मोजणीतून दिसली होती, पट्ट्यांमधून नव्हे. वाद आहे तो कारणाचा. २००१ साली मांडलं गेलं की त्या वर्षांत पाणी तापलं, बर्फ कमी झाला आणि प्रौढ पक्षी जास्त मेले. हा मृत्यूंचा दर पट्टीवाल्या पक्ष्यांवरून काढलेला होता. पुढे उपग्रहचित्रांमुळे आणखी एक शक्यता समोर आली: काही पक्षी मेले नसतील, दुसऱ्या वसाहतीत गेले असतील. पट्टीवाला पक्षी परत दिसला नाही, तर तो मेला की निघून गेला हे एकाच वसाहतीत बसून कळत नाही.

ही शक्यता अंटार्क्टिकातल्याच हॅली उपसागरात डोळ्यांपुढे आली. २०१६ साली वसाहतीखालचा समुद्रबर्फ वेळेआधी फुटला आणि जवळपास सगळी पिल्लं गेली. पुढची दोन वर्षंही तशीच पिल्लांविना गेली. तेव्हाच्या जगातल्या दुसऱ्या क्रमांकाच्या मोठ्या वसाहतीची ही कथा. त्याच सुमारास जवळच्या डॉसन-लॅम्बटन इथली वसाहत दहापटीहून वाढली. हे सगळं अवकाशातून, बर्फावरच्या विष्ठेच्या तपकिरी डागांवरून कळलं. २००९ पासून वसाहती या डागांवरून शोधल्या जातात. २०१२ साली ४६ वसाहती आणि सुमारे ५,९५,००० पक्षी मोजले गेले, आज ज्ञात वसाहतींचा आकडा साठीच्या पुढे आहे. २०२२ मध्ये बेलिंग्सहाउझेन समुद्रातल्या पाचपैकी चार वसाहतींत पिल्लंच वाचली नाहीत. त्याच वर्षी अमेरिकेने या पक्ष्याला कायद्याने धोक्यातल्या प्रजातींत घातलं, तर अंटार्क्टिक कराराच्या बैठकीत विशेष संरक्षणाचा प्रस्ताव सहमतीअभावी अडला.

पण उपग्रहाला वसाहत दिसते, एकेका पक्ष्याचं वय दिसत नाही. त्यासाठी पट्टीऐवजी चिप हाच पर्याय उरतो, आणि एम्पररच्या बाबतीत तो सोपा नाही. चिप हातभर अंतरावरूनच वाचता येते. किंग पेंग्विन ठरलेल्या वाटेने ये-जा करतात, त्या वाटेवर अँटेना पुरता येते. एम्पररची जमीन म्हणजे दर उन्हाळ्यात फुटून जाणारा समुद्रबर्फ, तिथे काय पुरणार? म्हणून चाकांवरचं छोटं यंत्र थव्यात पाठवायची कल्पना निघाली. सुरुवातीचे नमुने पाहून पक्षी बिचकले. मग त्यावर करड्या लवीचं खोटं पिल्लू बसवलं, तेव्हा मोठे पक्षी त्याला हाका घालू लागले आणि पिल्लांच्या घोळक्याने त्याला आत घेतलं. २०१४ साली त्याचे निष्कर्ष छापून आले.

अटका उपसागरात २०१७ पासून पिल्लांना चिप बसवली जाते, पट्टी नाही. एम्परर पहिल्यांदा जोडी जमवतो तो साधारण पाच-सहा वर्षांचा झाल्यावर आणि एकूण वीस वर्षांपर्यंत जगू शकतो. त्या पहिल्या तुकडीचा जगण्या-मरण्याचा हिशेब पुरा व्हायला २०३७ च्या आसपासचं वर्ष उजाडेल. तोवर भाकितांमधले जगण्याचे दर प्रामुख्याने पॉइंत जेओलोजीच्या पट्टीवाल्या पक्ष्यांचेच आहेत.