पटवाऱ्याचा अंदाज आणि मोजलेले पीक : विदर्भातील गावपातळीवरच्या आकडेवारीची पार्श्वभूमी

डिसेंबरअखेर खरिपाची अंतिम पैसेवारी, म्हणजे नेहमीच्या पिकाला शंभर पैसे धरून यंदाचे पीक किती पैसे आले याचा सरकारी आकडा, जाहीर होते आणि विदर्भातील तहसील कार्यालयांत निवेदनांची रीघ लागते. पैसेवारी पन्नास किंवा त्याहून कमी निघाली, तर जमीन महसुलात सूट, कृषिपंपाच्या वीजबिलात सवलत आणि परीक्षा शुल्कात माफी मिळण्याची वाट मोकळी होते. ती थोडी जरी वर गेली तरी गाव त्यातून वगळले जाते. ज्या आकड्यावर एवढे अवलंबून आहे, तो काढण्याची रीत मात्र मुळात शेतकऱ्याला मदत देण्यासाठी घडलेली नाही.

1853 साली निजामाकडून वऱ्हाड इंग्रजांच्या कारभारात आले आणि पुढच्याच वर्षी नागपूरचे भोसल्यांचे राज्य खालसा झाले. जमीन मोजून सारा ठरवणे ही नव्या सरकारची पहिली गरज होती. 1861 ते 1865 या काळात अमेरिकेतील यादवी युद्धामुळे मँचेस्टरच्या गिरण्यांना कापूस मिळेनासा झाला, तेव्हा वऱ्हाडच्या काळ्या जमिनीत किती कापूस पिकेल हा प्रश्न व्यापाराचाही झाला. मध्य प्रांत आणि वऱ्हाडासाठी स्वतंत्र कापूस आयुक्त नेमला गेला आणि 1870 मध्ये खामगावच्या बाजारापर्यंत रेल्वे पोहोचली. त्यामुळे या भागातील पिकांचे आकडे सरकारी तिजोरीसाठी आणि कापसाच्या व्यापारासाठी गोळा होऊ लागले. 1880 च्या दुष्काळ आयोगाने प्रत्येक प्रांतात कृषी खाते असावे आणि पिकांची माहिती नियमित जमावी अशी शिफारस केली, तेव्हा लोकांचा जीव वाचवणे हा हेतू प्रथमच ठळकपणे पुढे आला.

जमवण्याची पद्धत साधी होती. पेऱ्याखालचे क्षेत्र, त्या पिकाचे प्रमाण उत्पन्न (चांगल्या वर्षी दर एकरी अपेक्षित पीक) आणि यंदाचे पीक किती आणे आले याचा अंदाज, या तिन्हींच्या आधारे एकूण उत्पादन काढले जाई. भरघोस पीक म्हणजे सोळा आणे. जमिनीची मोजणी झालेली असल्याने क्षेत्र बऱ्यापैकी खरे निघे, पण आणेवारी (आजच्या पैसेवारीचे जुने रूप) ही पटवाऱ्याने बांधावर उभे राहून ठरवलेली गोष्ट होती. ती कमी लिहिली तर साऱ्यात सूट मागता येई आणि जास्त लिहिली तर गावाचा रोष ओढवे, म्हणून अंदाज खाली झुकणे स्वाभाविक होते. कापसाच्या बाबतीत हे पडताळून पाहण्याची सोय होती, कारण 1925 च्या कायद्याने जिनिंग-प्रेसिंग कारखान्यांना बांधलेल्या गाठींची माहिती देणे बंधनकारक केले होते. गाठींचा हिशोब आणि सरकारी अंदाज यांतील तफावत तेव्हापासून जाणकारांना दिसू लागली. पटवारी अप्रामाणिक होता असा याचा अर्थ लावणे अन्यायाचे होईल. एकाच माणसाने मोजायचे आणि त्या मोजणीचे परिणामही त्याच गावात राहून झेलायचे, हा मूळ दोष होता.

या दोषावरचा खरा उपाय विदर्भाच्याच मातीत तपासला गेला, आणि याची जाणीव आपल्याकडे फार कमी आहे याचे मला वाईट वाटते. 1940 च्या दशकात संख्याशास्त्रज्ञ वि. गो. पानसे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अकोला जिल्ह्यात कापसाच्या उत्पन्नाचे नमुना सर्वेक्षण केले. गावे, त्यांतील शेते आणि शेतातील मोजायचा तुकडा या तिन्हींची निवड यादृच्छिक आकड्यांनी, म्हणजे चिठ्ठी काढल्यासारखी, करायची आणि त्या तुकड्यातील पीक प्रत्यक्ष तोलायचे, असा हा प्रयोग होता. कोणते शेत निवडायचे हे ना पटवाऱ्याच्या हाती राहिले, ना पाटलाच्या. कापसात तर काम अधिकच जिकिरीचे, कारण धान एकदा कापले की हिशोब संपतो, कपाशीला मात्र अनेक वेचे होतात आणि प्रत्येक वेच्याला त्याच तुकड्यावर परत यावे लागते. तुकडा केवढा असावा यावर त्या काळी मोठा वाद झाला. संख्याशास्त्रज्ञ प्रशांतचंद्र महालनोबिस लहान तुकड्यांच्या बाजूचे होते, तर त्याच क्षेत्रातले पां. वा. सुखात्मे आणि पानसे यांनी दाखवून दिले की तुकडा फार लहान घेतला की कडेची झाडे आत धरली जातात आणि उत्पन्न फुगते. महसूल आणि कृषी खात्याच्या नेहमीच्या कर्मचाऱ्यांकडून करवून घेता येणारी मोठ्या तुकड्यांची पद्धत अखेर देशभर रूढ झाली. सुखात्मे 1951 मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेत सांख्यिकी विभागाचे प्रमुख म्हणून गेले आणि निवडलेल्या तुकड्यातील पीक तोलण्याची ही रीत, म्हणजे पीक कापणी प्रयोग, इतर विकसनशील देशांतही पोहोचली.

स्वातंत्र्यानंतर दर एकरी उत्पन्नाचा आकडा असा सुधारला, पण पेऱ्याच्या नोंदीकडे दुर्लक्ष होत गेले. तलाठ्यावर दाखले, निवडणुका, पंचनामे यांचा भार वाढत गेला आणि बांधावर न जाता मागील वर्षाचा पेरा सातबारावर उतरवण्याची सवय लागली. कपाशीत तुरीच्या ओळी असल्या तर कोणते क्षेत्र कोणत्या पिकाचे, हा प्रश्न बहुधा टेबलावरच सुटे. सी. रंगराजन यांच्या अध्यक्षतेखालील राष्ट्रीय सांख्यिकी आयोगाने 2001 च्या अहवालात पेऱ्याच्या या नोंदीच्या, म्हणजे पीक पाहणीच्या, ढासळत्या दर्जाकडे स्पष्ट बोट दाखवले.

2016 मध्ये प्रधानमंत्री पीक विमा योजना आली आणि महसूल मंडळातील (काही गावांच्या गटातील) कापणी प्रयोगांवर भरपाई ठरू लागली. ज्या प्रयोगाची रचना जिल्ह्याची सरासरी काढण्यासाठी झाली होती, तो आता मंडळातील प्रत्येक विमाधारकाचे पैसे ठरवतो. साहजिकच निवडलेल्या शेतावर शेतकरी आणि विमा कंपनीचा प्रतिनिधी दोघेही डोळ्यांत तेल घालून उभे असतात, आणि आणेवारीच्या काळातला ताण इथे नव्या रूपात परतला आहे.

आकड्याचे परिणाम ज्याला भोगावे लागतात त्याच्याकडेच नोंद सोपवली की काय होते, हे गडचिरोलीने शेतीबाहेरही दाखवले. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेने आपल्या कार्यक्षेत्रातील गावांत जन्म आणि मृत्यूंची स्वतंत्र नोंद ठेवली. 2001 मध्ये संस्थेने इतर संस्थांसह राज्यातील बालमृत्यूंचा अहवाल मांडला, तेव्हा सरकारी दफ्तरात न पोहोचलेले मृत्यू किती मोठ्या संख्येने आहेत हे उघड झाले. ज्या आरोग्य कर्मचाऱ्याला मृत्यू कळवल्याबद्दल जाब द्यावा लागतो, त्याच्या वहीत मृत्यू कमी दिसणारच.

15 ऑगस्ट 2021 पासून राज्यभर सुरू झालेल्या ई-पीक पाहणीत शेतकरी स्वतः मोबाइलवरून पिकाचे छायाचित्र काढून पेरा नोंदवतो. छायाचित्रासोबत जागेची नोंद होत असल्याने घरबसल्या पेरा लिहिणे अवघड झाले, ही मोठीच सुधारणा आहे. मेळघाट, एटापल्ली, भामरागडसारख्या भागांत मात्र नेटवर्क मिळणे हीच अडचण आहे. त्याहून खोल प्रश्न मक्त्याने, म्हणजे ठरलेली रक्कम देऊन दुसऱ्याच्या जमिनीत, केलेल्या शेतीचा आहे. करार तोंडी असतो, सातबारा मालकाच्या नावावर असतो, म्हणून पीकही त्याच्याच खात्यावर चढते. शेतकरी आत्महत्येचे प्रकरण मदतीसाठी पात्र की अपात्र हे ठरवतानाही जमीन कोणाच्या नावावर आणि कर्ज कोणाचे हे मुख्यतः पाहिले जाते. त्यामुळे दुसऱ्याचे वावर मक्त्याने करून विनापरवाना सावकाराचे कर्ज डोक्यावर घेतलेला माणूस पेऱ्याच्या नोंदीत नसतो, विम्यात बहुधा नसतो आणि पात्र प्रकरणांच्या यादीतूनही गळतो.